वाचक विचारतात: भिक्खुणीनं स्टेजवर गायलेलं चालतं का?

प्रश्न: जय भीम ताई. वर्षावासात आई पौर्णिमेला अष्टशील (आठ नियमांचं व्रत) घेते, त्यात नाच-गाणं-वाजवणं वर्ज्य, त्या दिवशी टीव्हीपण बंद. आणि परवा यूट्यूबवर बघतो तर ए. आर. रहमानच्या कोक स्टुडिओत मुंडण केलेली, चीवर घातलेली बाई मस्त गातेय! हे कसं काय चालतं? आणि पैसे कुणाला जातात? – एक वाचक, नागपूर

उत्तर: जय भीम. त्या आनी चोयिंग डोल्मा, नेपाळच्या. गाणं 'जरिया', २०१३ चं, सोबत जॉर्डनची फराह सिराज आहे.

शीलाचं आधी बोलू, कारण शंका अगदी रास्त आहे. सातवं शील गाण्याला नाही म्हणतं ते खरंच, आणि श्रामणेरांनाही, म्हणजे नवदीक्षितांनाही, ते लागू आहे. विनयात, म्हणजे भिक्खूंच्या नियमग्रंथात, तर गोष्टच आहे, काही भिक्खू धम्म लांब सूर ओढून गायला लागले तेव्हा लोक कुरकुरले की हे तर आमच्यासारखंच गातात, म्हणून बुद्धांनी ते बंद केलं, पण त्याच ठिकाणी पुढे सुस्वर पठणाला, म्हणजे सरभञ्ञाला, परवानगीही दिली. मनाई मुळात सुराच्या मोहाला आहे असं मी समजते. शिवाय आनी तिबेटी परंपरेतल्या, तिथे डमरू-घंटा घेऊन सुरात म्हणायची 'चोद' ही साधनाच आहे आणि ती घडवली माचिक लाबद्रोन नावाच्या बाईनं. बापाच्या मारहाणीला कंटाळून आनी तेराव्या वर्षी काठमांडूजवळच्या नागी गोम्पात, म्हणजे तिबेटी बौद्ध मठात, गेल्या आणि तिथले गुरू तुल्कु उर्ग्येन रिनपोचेंच्या हाताखाली हे पठण शिकल्या. म्हणजे गळा आश्रमातच तयार झाला, बाहेरून आणलेला नाही.

पण खरं सांगू, आनींच्या 'फूलको आँखामा' ला मी साधना म्हणणार नाही. ते साधं सुंदर नेपाळी गाणं आहे, दुर्गालाल श्रेष्ठांनी लिहिलेलं, नेपाळभर गाजलेलं. तिथे कुणी शीलावर बोट ठेवलं तर मी वाद घालणार नाही.

आता पैसा. मला विचाराल तर खरी परीक्षा इथेच. १९९८ मध्ये आनींनी भिक्खुणींसाठी संस्था काढली, २००० मध्ये आर्य तारा शाळा सुरू केली, कारण गोम्पातल्या पोरींना पूजा-स्वयंपाक यायचा पण गणित-इंग्रजी कोण शिकवणार? आनींची आई किडनीच्या आजारानं गेली, त्यातून पुढे किडनी रुग्णांसाठी आरोग्य फाउंडेशन उभं राहिलं. गाण्याची कमाई या कामांत जाते आणि निर्णय त्यांच्याच हातात असतो, हे महत्त्वाचं. बेल्जियमच्या सिस्टर स्माइल या गाणाऱ्या ख्रिस्ती ननचं उलटं झालं, १९६३ मध्ये तिचं गाणं अमेरिकेत एक नंबरला गेलं, रॉयल्टी मठाला गेली आणि पुढे टॅक्सवाले मात्र तिच्या दारात! बिचारी कर्जातच राहिली. इटलीची नन सिस्टर क्रिस्तिनानं २०१४ मध्ये टीव्हीवरची स्पर्धा जिंकली, नंतर संन्यासच सोडला, तो तिचा निर्णय.

ऐकायचंच असेल तर 'जरिया' वर थांबू नका, अमेरिकन गिटारिस्ट स्टीव्ह टिबेट्सबरोबरचा १९९७ चा 'चो' अल्बम ऐका. आईलाही ऐकवा, फक्त पौर्णिमा सोडून.