नवख्या चेहऱ्यांच्या बाबतीत

प्रिय पोरी,

तुझी संहिता वाचली. कंडक्टरच्या भूमिकेला खरा कंडक्टरच हवा, हा तुझा हट्ट मला पटला. ‘त्याला फक्त नैसर्गिक वागायला सांगेन’ हे मात्र नाही पटलं. नैसर्गिक वाग म्हटलं की भलाभला अवघडतो. हातपायसुद्धा कुठे ठेवावेत ते त्याला कळेनासं होतं.

तू फ्रेंच दिग्दर्शक ब्रेसाँचा दाखला दिलायस, तो सोड. त्यांना नवखी माणसं हवी असत ती अभिनय पुसून टाकण्यासाठी. तुला माणसाचं रोजचं जगणं पडद्यावर हवंय, म्हणून लोराँ काँते यांचा ‘आंत्र ले म्यूर’ हा चित्रपट नीट बघ. पॅरिसच्या विसाव्या विभागातली शाळा आणि तिथलीच मुलं. बुधवारी दुपारी शाळा सुटली की काँते त्यांच्याबरोबर कार्यशाळा घेत. असं वर्षाचे बरेच महिने चाललं, आणि मग उन्हाळ्याच्या सुट्टीत चित्रण. मुलांच्या हातात पाठ करायला संवाद नव्हते. शिक्षक झालेला फ्रांस्वा बेगोदो हा मूळ कादंबरीचा लेखक आणि स्वतः शिकवलेला माणूस. प्रसंग कुठे न्यायचा हे त्याला ठाऊक असे, आणि शिकवता शिकवताच तो वर्गाला तिकडे वळवायचा. कॅमेरे एकाच वेळी तीन, त्यामुळे मागच्या बाकावरची चुळबुळही निसटत नसे. 2008 साली फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात पाम दॉर हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. आणि पडद्यावर आपण पाहतो ती मुलं जशीच्या तशी नाहीत बरं का, ती रचलेली पात्रं करत होती. खऱ्या माणसालाही तालीम लागते. तुला वर्ष काढणं जमणार नाही, पण त्या कंडक्टरबरोबर गाडीत बसून चार फेऱ्या तरी कर. तिकिटाचं मशीन हातात असताना तो कसा बोलतो ते बघ आणि मगच संवाद लिही.

त्याहून मोठी गोष्ट म्हणजे त्याच्या आयुष्याबद्दल शेवटचा शब्द कोणाचा? फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रूश यांनी आयव्हरी कोस्टमधल्या आबिजानच्या त्रेशव्हिल वस्तीत ‘मुआ, अं न्वार’ हा चित्रपट केला, तेव्हा कॅमेऱ्याबरोबर आवाज नोंदवायची सोय नव्हती. चित्रण झाल्यावर गोदीत मजुरी करणाऱ्या ओमारू गांदाने पडद्यावर स्वतःला पाहत निवेदन सुचेल तसं बोलून दिलं. चित्रपटाचा जीव त्या आवाजात आहे. हाच गांदा पुढे स्वतः दिग्दर्शक झाला.

रूश आणि समाजशास्त्रज्ञ एदगार मोरँ यांचा ‘क्रोनीक दं एते’ हा माहितीपट 1960 च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये चित्रित झाला. त्यात सहभागी झालेली मार्सेलिन लोरिदाँ ओस भासणाऱ्या ले आल बाजारातून एकटी चालते आहे. खांद्याला आवाज टिपणारा नाग्रा रेकॉर्डर, अंगावर छोटा माइक. कॅमेरा गाडीत, आणि गाडी तिच्यापासून दूर दूर जाते. जवळ ऐकायला कोणी नाही. ती पुटपुटत वडिलांशी बोलते. त्यांना तिच्याबरोबर नाझींच्या आउशवित्झ छळछावणीत नेलं होतं, ते परत आले नाहीत. तिच्याकडून हे ‘काढून’ घेतलं नाही, तिला एकटं सोडलं. शेवटी त्यात दिसलेल्या सगळ्यांना चित्रपट दाखवला, तेव्हा त्यांच्यात वाद झाला. कोणाला काही भाग अति खासगी वाटला, कोणाला खोटा. दिग्दर्शकांनी तो वादही चित्रपटात ठेवला. ही हिंमत मला फार मोठी वाटते.

आता पैसे. ‘एत्र ए आव्वार’ हा खेड्यातल्या एकशिक्षकी शाळेवरचा माहितीपट 2002 साली तुफान चालला. मग शिक्षकांनी मोबदला मागत दावा लावला आणि ते हरले. कायदा काय म्हणतो ते म्हणो, चित्रपट त्यांच्या वर्गातल्या वागण्यावर उभा होता. तू मोबदल्याचं आधीच लिहून ठेव.

आणि आबू सांगारे. आफ्रिकेतल्या गिनीहून आलेला, फ्रान्सच्या आमियँ शहरात राहणारा मेकॅनिक, कागदपत्रं नाहीत. बोरिस लोजकीन यांच्या ‘लिस्तुआर द सुलेमान’मध्ये तो आश्रय मागणारा डिलिव्हरीवाला झाला. 2024 मध्ये कान महोत्सवाच्या ‘अं सर्तें रगार’ विभागात सर्वोत्तम अभिनेता ठरला, तेव्हाही फ्रान्समध्ये राहायचा परवाना त्याच्याकडे नव्हता. तो मिळाला पुढच्या जानेवारीत, तोही एका वर्षाचा. टाळ्यांनी त्याचा प्रश्न सुटला नाही.

तेव्हा त्या कंडक्टरला खात्याची परवानगी लागते का, रजा बिनपगारी पडते का, हे आधी विचार. पडत असेल तर ती रक्कम बजेटमध्ये वेगळी दाखव, मानधनात मिसळू नकोस. पहिलं संकलन त्याला घरच्यांसोबत दाखव आणि तो नको म्हणेल तो तुकडा काढायची तयारी ठेव. सुधारलेलं बजेट शुक्रवारपर्यंत पाठव.

तुझा,
सर