व्याकरणाच्या तासाला मुलांना विनोदातून कसं गुंतवावं?

त्यांच्या शिवारातला शब्द घ्या. मी सांगली जिल्ह्यात, ऊसपट्ट्यातल्या शाळेत मराठी शिकवते. श्लेष अलंकाराला पुस्तकी उदाहरण, ‘हे मेघा, तू सर्वांना जीवन देतोस’, मी नंतर घेते. आधी फळ्यावर लिहिते, ‘आबांच्या घरी लागण झाली.’ निम्मी पोरं विचारतात, ‘दवाखान्यात नेलं का?’ बाकीची ओरडतात, ‘आडसाली का सुरू?’ कारण लागण म्हणजे रोगाची बाधा, तशीच उसाची लावणीही; आडसाली आणि सुरू हे त्या लावणीचे हंगाम. वर्ग खदखदून हसतो आणि एका शब्दाचे दोन अर्थ तिथंच पक्के होतात. मग जीवन म्हणजे पाणीसुद्धा, हे दोन मिनिटांत कळतं. दुसऱ्या दिवशी मुलं स्वतःच कोट्या घेऊन येतात, त्या वहीत जरूर उतरवून घ्या. फक्त कुणाच्या आडनावावर, रंगावर किंवा बोलीवर कोटी नको. ते पोर पुन्हा हात वर करत नाही.