तिनं काय ठेवलं, काय जाळलं

प्रश्न: ताई, मी एक फँटसी कादंबरी लिहितेय. तिच्यात एक आर्काइव्हिस्ट आहे, म्हणजे राज्याची जुनी कागदपत्रं सांभाळणारी बाई, तीनशे वर्षं जगलेली, राज्यभर तिच्या दंतकथा सांगतात. पण लिहायला बसलं की ती नुसती भेंडोळी उलगडत बसलेली दिसते. तिला सगळं माहीत असतं, हिरो येतो, विचारतो, ती उत्तर देते, झालं. शेवटी एक शापित ग्रंथ आणि त्याची चोरी घातली, तरी बाई जिवंत वाटत नाही. काय चुकतंय?

उत्तर: सगळ्यात आधी तिचं ते सगळं माहीत असणं काढून टाका. दप्तर सांभाळणाऱ्याला मजकूर पाठ नसतो हो, कुठलं काय कुठे ठेवलंय ते माहीत असतं आणि तेही यादीच्या जोरावर. इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाच्या प्राचीन ग्रंथालयासाठी कॅलिमाकस नावाच्या ग्रीक कवीनं इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात अशी यादी केली, पिनाकेस म्हणतात तिला, तर ती नुसती यादीच 120 गुंडाळ्यांची होती! लेखक कोण, ग्रंथाची पहिली ओळ कुठली, एकूण ओळी किती, असं सगळं त्यात. आज तिचे तुकडेच उरलेत. आता तुमच्या बाईची यादी फक्त तिलाच लागत असेल आणि तिची नजर अधू होत चालली असेल, तर तिला पहिल्यांदाच कुणाची तरी गरज पडेल, आणि तिथून ती माणूस वाटायला लागेल.

पण खरी गोष्ट मला दुसरीकडेच दिसतेय. दप्तरदार म्हणजे जपणारा असं सगळ्यांना वाटतं. जपतोच तो, पण कामाचा मोठा भाग टाकून देण्याचा असतो. अमेरिकेचं राष्ट्रीय अभिलेखागार स्वतःच सांगतं की सरकारी कामकाजात तयार होणाऱ्या कागदांपैकी 1 ते 3 टक्केच कायमचे ठेवले जातात. मग तुमच्या राज्यात तीनशे वर्षं गाड्या भरभरून कागद येतायत, तक्रारी, करार, कैद्यांच्या याद्या, हरवलेल्या मुलांच्या नोंदी, आणि खोल्या तेवढ्याच, तर काय राहील ते कोण ठरवणार? तीच ना. तिशीत तिनं एका गावाच्या नोंदी जाळायला पाठवल्या कारण तेव्हा ते गाव कुणाच्या खिजगणतीत नव्हतं, आणि अडीचशे वर्षांनी त्या गावची मुलगी दारात उभी आहे, जमीन आमची होती याचा कागद मागतेय. हे लिहा. चोरीबिरी लागणारच नाही मग.

अजून एक, जे बाहेरच्यांना पटकन कळत नाही. कागदाचे शेजारी फार महत्त्वाचे असतात. ज्या कचेरीतून कागद आले त्यांचा गठ्ठा एकत्रच ठेवायचा, दुसऱ्या कचेरीच्या कागदांत मिसळायचा नाही, हा नियम फ्रान्समध्ये 1841 साली रीतसर लिहिला गेला, आणि तिथला आतला क्रमही मोडायचा नाही असं पुढे जगभर मानलं गेलं. मी एका दप्तरखान्यात नवीन असताना एका गठ्ठ्याची दोरी सोडून सगळी पत्रं तारखेप्रमाणे छान लावून ठेवली होती. आमच्या वरिष्ठ बाई आल्या, ओरडल्या नाहीत, एवढंच विचारलं, हे पत्र कशाखाली होतं? मला सांगता येईना. दोरीचा वळ अजून वरच्या कागदावर होता पण खालचा क्रम गेला तो गेलाच, आणि ते मला आजही लागतं. तुमच्या कथेत राणीचं पत्र धान्याच्या हिशोबात सापडू दे. उत्साही शिकाऊ पोरगा ते उचलून राजघराण्याच्या पत्रांत नेऊन ठेवेल, आणि राणी त्या वर्षी कोठारात लपली होती याचा एकमेव पुरावा त्या क्षणी संपेल.

बाकी तिला शत्रू हवेत तर चोर कशाला, कसर आहे, वाळवी आहे, ओल आहे. ओकच्या झाडावरच्या गाठी आणि लोहाचा क्षार यांची जुनी शाई तर कागदच खाते, काळाच्या ओघात कधीकधी अक्षराच्या जागी अक्षराच्या आकाराचं भोक उरतं. आणि आग दर वेळी शत्रूच असते असंही नाही. आजच्या इराकमधलं प्राचीन शहर निनेवे इसवी सनापूर्वी 612 मध्ये जळालं तेव्हा तिथल्या असुरबनिपाल राजाच्या ग्रंथालयातल्या कितीतरी मातीच्या पाट्या त्या आगीत भाजून पक्क्या झाल्या, आज तिथले 30,000च्या वर पाट्या आणि तुकडे आपल्या हाती आहेत.

प्रश्न: मग ग्रंथावरचा शाप काढूनच टाकू का?

उत्तर: नको नको, राहू दे! असुरबनिपालच्या पाट्यांवर खरंच शाप आहेत, जो ही पाटी नेईल किंवा माझ्या नावाजागी स्वतःचं नाव घालेल त्याचं नाव आणि वंश देव पुसून टाको, अशा अर्थाचे. फक्त तो शाप जादूगारानं नाही, तिनं स्वतः घातलेला असू दे, कुणीतरी नेलेली वस्तू परत न आल्यावर, रागानं.

प्रश्न: आणि दंतकथा? तिचा शेवट कसा करू?

उत्तर: तिच्याबद्दल लोक काय सांगतात ते आधी लिहून काढा. महालाला आग लागली तेव्हा तिनं एकटीनं सगळं दप्तर वाचवलं, असं काहीतरी. आता त्याच दप्तरात त्या रात्रीच्या पहारेकऱ्याची नोंद सापडू दे, साधी दोन ओळींची, की बाई आत नव्हत्या, दप्तर झाडलोट करणाऱ्या माणसानं बाहेर काढलं आणि तो आगीत गेला. त्या माणसाचं नाव फक्त याच कागदावर आहे. तीनशे वर्षं काय ठेवायचं नि काय जाळायचं ते ती ठरवत आलीय, आणि आज तो कागद तिच्या हातात आहे, शेगडी बाजूला आहे, खोलीत दुसरं कुणी नाही. ती काय करते ते मी सांगणार नाही, ते तुम्हालाच ठरवावं लागेल, पण कादंबरी मात्र याच खोलीतून सुरू करा. आणि ते पहिलं प्रकरण मला पाठवा, मी नक्की वाचेन.