वाचकांचे प्रश्न : बेळगावचं ‘वेळगाव’ होऊ नये म्हणून

प्रश्न : खडे बाजारात आमचं मिठाईचं दुकान आहे. ८ बाय ३ फुटांचा नवा बोर्ड करायचाय. कन्नड, मराठी, इंग्रजी तिन्ही हवं. बोर्डवाला म्हणतो, मराठी एकदम जाड फाँटमध्ये घ्या, उठून दिसेल. घ्यावं का?
– एक वाचक, बेळगाव

उत्तर : आधी जागा मोजा. २०२४ च्या दुरुस्तीनंतर कर्नाटकात दुकानाच्या पाटीवर ६० टक्के कन्नड लागतं, तेही वरच्या भागात. म्हणजे ३६ इंच उंचीतले साधारण २२ तिथेच गेले. उरलेल्या १४ इंचांत मराठीला ९, इंग्रजीला ४ आणि मध्ये इंचभर फट. पण ९ इंचांच्या ओळीत अक्षर ९ इंची बसत नाही. ‘कुंदा’च घ्या : वर अनुस्वार, खाली उकार. ते सोडून शिरोरेषेपासून खालपर्यंत जेमतेम ५ इंच हाती राहतात. दर १० फुटांना १ इंच, या ढोबळ हिशेबाने पाटी ५० फुटांवरून आरामात वाचता येईल. बाजारातल्या रस्त्याला तेवढं पुरे.

आता जाडीचं. अतिजाड अक्षरात ‘ब’च्या पोटातली तिरकी रेघ बुजते आणि लांबून ‘व’ दिसतो. ‘घ-ध’ आणि ‘म-भ’ यांच्यात शिरोरेषेतल्या फटीचा मोठा आधार असतो. मागे एलईडी लावला की उजेड पसरून तीही भरते. सेमीबोल्ड, म्हणजे मध्यम जाड अक्षर घ्या, त्यापुढे जाऊ नका.

‘अनेक’ किंवा ‘बलू’ हे फाँट पाहा. दोन्हींत देवनागरी आणि कन्नड एकाच वळणाची मिळते, दोन्ही मोफत. मिठाईला बलूचा गोलपणा शोभतो. नाव लांब असेल तर मात्र ‘अनेक’मधली अरुंद रुंदी निवडा. कोरलमध्ये (बोर्डवाल्यांच्या डिझाइनच्या सॉफ्टवेअरमध्ये) अक्षर आडवं दाबलं की उभे दांडे बारीक होतात आणि आडव्या रेघा तशाच जाड राहतात. पाटी बेढब दिसते. कन्नडचे ओत्तक्षर, म्हणजे जोडाक्षरातलं खाली लिहिलं जाणारं अक्षर, ओळीखाली उतरतात, तेव्हा खाली मोकळी जागा ठेवायला सांगा. छापण्याआधी प्रूफमध्ये वेलांट्या आणि रफार स्वतः तपासा. मोबाइलवर टाइप होतो तो युनिकोड मजकूर युनिकोडपूर्व जुन्या फाँटात नव्याने टाइप करताना चुका इथेच होतात.

प्रश्न : आमच्या पतसंस्थेच्या ॲपमध्ये मराठी अक्षरं सुटी-सुटी दिसतात, ‘ल’ आणि ‘श’ हिंदी वळणाचे येतात.
– एक वाचक, निपाणी

उत्तर : डेव्हलपरने इंग्रजीसाठी अक्षरांमधलं अंतर वाढवलेलं असणार. देवनागरीत ते शून्यच हवं, नाहीतर शिरोरेषा तुटते. मजकुराची भाषा ‘मराठी’ नोंदवली, तर ज्या फाँटात मराठी रूपं आहेत तिथे ‘ल’, ‘श’ आपोआप बदलतात. फाँटात ती नसतील तर फाँटच बदला. ओळींची उंची अक्षराच्या दीडपटीहून कमी नको. बटणावर ‘मुद्दल’ लिहून बघा : खालचा ‘द’ कापला जात असेल तर बटण उंच करा, अक्षर लहान करू नका.