न्यायालयाचा आदेश कार्यालय पाळत नसेल तर अवमान याचिका करावी का?

आपण लिहिता की, निवृत्त शिक्षक असलेल्या आपल्या वडिलांच्या थकीत वेतनफरकाबाबत उच्च न्यायालयाने आठ महिन्यांपूर्वी आदेश दिला, त्यातील तीन महिन्यांची मुदत केव्हाच उलटली आणि कार्यालय ‘आम्ही अपिलात जाणार आहोत’ एवढेच उत्तर देते.

अवमान याचिका अवश्य करावी. परंतु त्याआधी आदेशाचा शेवटचा परिच्छेद शब्दन् शब्द वाचावा. सेवाविषयक प्रकरणांत वकिली करताना मला दिसते की, पक्षकारांची सर्वाधिक निराशा याच ठिकाणी होते. ‘फरकाची रक्कम अदा करावी’ असे लिहिले असेल तर आपली बाजू भक्कम आहे. मात्र ‘अर्जावर नियमानुसार निर्णय घ्यावा’ एवढेच असेल आणि कार्यालयाने तो अर्ज चुकीची कारणे देऊन फेटाळला, तरी आदेशाचे पालन झाले असेच मानले जाते. त्या निर्णयाविरुद्ध नवी याचिका करावी लागते. जे. एस. परिहार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये हे स्पष्ट केले आहे.

नुसते अपील दाखल केल्याने आदेश थांबत नाही, त्यासाठी स्थगिती मिळवावी लागते. इथे तर अपीलही दाखल झालेले दिसत नाही. तरीही न्यायालयाचा अवमान अधिनियम, 1971 नुसार आज्ञाभंग हेतुपुरस्सर असावा लागतो. म्हणून आदेशाची प्रमाणित प्रत पत्रासह कार्यालयात द्यावी आणि आपल्या स्थळप्रतीवर आवक क्रमांक, तारीख व शिक्का घ्यावा. ‘आदेश आमच्यापर्यंत पोहोचलाच नाही’ हा बचाव त्या शिक्क्यापुढे टिकत नाही. दरम्यान अधिकाऱ्याची बदली झाली असेल, तर सध्या त्या पदावर असलेल्या अधिकाऱ्यालाही स्वतंत्र पत्र द्यावे.

अवमान याचिका दाखल करण्यासाठी आज्ञाभंगाच्या तारखेपासून मोजली जाणारी, कलम 20 मधील एक वर्षाची मुदत मात्र काटेकोरपणे सांभाळा. तीन महिने आदेशाच्या तारखेपासून मोजायचे असतील, तर त्या वर्षातील पाच महिने आजच संपले आहेत. निवेदने देत बसल्याने ही मुदत वाढत नाही.

कलम 12 प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, 2000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. प्रामाणिक माफी मागितल्यास शिक्षा टळतेही. तुरुंगवास क्वचितच होतो, परंतु 2006 मध्ये लाकूड गिरण्यांविषयीचा आदेश मोडल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची कैद सुनावली होती. सामान्यतः नोटीस बजावली जाताच अडलेली फाइल हलते आणि पुढील तारखेपूर्वी अनुपालनाचे शपथपत्र दाखल होते. सेवेची उमेदीची वर्षे दिलेल्या माणसाला हक्काच्या पैशासाठी दुसऱ्यांदा न्यायालयाची पायरी चढावी लागावी, याचा मला मनापासून संताप येतो.

याचिकेत मूळ आदेशाबाहेरचे काहीही मागू नये. आदेशात व्याजाचा उल्लेख नसेल, तर व्याजाची मागणी अवमान याचिकेत घालू नका. ती तिथे मान्य होणार नाही.