दोन प्रवेशांची सासू

चि.,

तुझा मेसेज वाचला. ‘तीन अंकांत दोन प्रवेश, आणि तेही सासूचे!’ यापुढे टाकलेल्या रडक्या चेहऱ्यांकडे मी दुर्लक्ष केलं आहे. संहिता परत करायच्या आधी एका बाईचं काम बघ.

सिल्व्ही, फ्रेंच नटी. पडद्यावर एवढंच नाव, आडनाव नाही. जन्म १८८३चा, पॅरिसचा. तरुणपणी रंगभूमीवर होती. बोलपटांनी मात्र तिला बहुतेक वेळा कुणाची तरी आई, नाहीतर मठातली प्रमुख जोगीण केलं. पोस्टरवर नाव खालीच.

‘ल कोर्बो’ (१९४३) आधी बघ. दिग्दर्शक आंरी-जॉर्ज क्लूझो. गावात निनावी पत्रांचा सुळसुळाट झालेला. त्यातलं एक वाचून इस्पितळातला एक रुग्ण वस्तऱ्याने जीव देतो. सिल्व्ही त्याची आई. प्रसंग मोजकेच, पण एकदा ती डॉक्टरला सांगते की तो वस्तरा मी जपून ठेवलाय. सांगण्यात आक्रस्ताळेपणा नाही, जणू घरातली एखादी वस्तू कुठे ठेवली ते सांगतेय. शेवट फोडतोय, रागावू नकोस: पत्रं लिहिणारा टेबलाशी गळा चिरलेला सापडतो आणि खिडकीतून दिसतं की काळा बुरखा घेतलेली ती बाई रस्त्याने निघून चालली आहे. पळत नाही. आख्खा सिनेमा गाव ज्याला शोधत होतं, त्याचा निकाल लावते ती ही दोन-चार प्रसंगांची बाई.

मग ‘तेरेझ राकँ’ (१९५३). झोलाची कादंबरी, मार्सेल कार्नेचं दिग्दर्शन, नायिका सिमोन सिन्योरे. इथे सिल्व्ही सासूच आहे, म्हणजे तुझ्याच गल्लीतली! मुलगा गेल्याच्या धक्क्याने तिचं अंग लुळं पडतं, वाचा जाते. उरतात फक्त डोळे. ते सुनेवर असे रोखलेले असतात की सिन्योरेसारखी नटी समोर असूनही आपण कोपऱ्यातल्या खुर्चीकडेच बघत राहतो. संवाद कमी म्हणून कुरकुरणाऱ्या प्रत्येक नटाला मी हे दाखवतो.

दोन्ही ठिकाणी ती एकच गोष्ट करते. आपल्या पात्राला काय माहीत आहे, ते ती पक्कं ठरवून येते आणि मग ते वापरायची घाई करत नाही. तू नेमकी उलट वागतेस. प्रवेश मिळाला की सगळा राग पहिल्या वाक्यातच ओतून मोकळी होतेस. मग पुढे प्रेक्षकाने तुझ्याकडे कशासाठी बघायचं?

मुख्य भूमिका? तीही मिळाली, पण ऐंशी उलटल्यावर. ‘ला व्हिएय दाम आंदीन्य’, १९६५. कथा मुळात जर्मन नाटककार ब्रेख्तची (पुलंनी ‘तीन पैशाचा तमाशा’ ज्याच्या नाटकावरून केला तोच), रने आलिओने ती मार्सेयला आणली. जन्मभर नवरा-मुलांचं केलेली म्हातारी विधवा झाल्यावर घरातलं सामान विकते, मोटार घेते, बदनाम समजल्या जाणाऱ्या तरुण रोझालीशी गट्टी जमवते. मुलं हवालदिल. हिच्या तोंडावर मात्र खुलासा नाही की बंडाचा आवेश नाही. अमेरिकेतल्या नॅशनल सोसायटी ऑफ फिल्म क्रिटिक्सने १९६६ सालचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार तिला दिला. चारच वर्षांनी, १९७० मध्ये, ती गेली.

तुलाही ऐंशीपर्यंत थांब, असं म्हणत नाहीये. तसं थांबणं परवडणारं नाही आणि त्यात काही थोरपणही नाही. निर्मात्याशी नाइटचे, म्हणजे दर प्रयोगाचे, पैसे आधी बोलून घे, त्यात भिडस्तपणा नको.

रविवारच्या तालमीला येताना एवढंच ठरवून ये: सुनेने ते कागद लपवलेत, हे दुसऱ्या प्रवेशात सासूला ठाऊक आहे की नाही? संहितेत लिहिलेलं नाही. लेखकाला विचारू नकोस, मलाही सांगू नकोस. सून करणारीलाही कळू देऊ नकोस. तिचं वाक्य संपल्यावर चहाचा कप लगेच उचलू नकोस, एवढं मात्र कर.

तुझा,
सर