बकासुराची हंडी

चि.ला अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. गणपतीत वाडीच्या स्पर्धेत तू २३ उकडीचे मोदक हाणलेस, व्हिडिओ मुंबईपर्यंत फिरला आणि आता कुणीतरी तुला कॅमेऱ्यासमोर बसवायला निघालंय. चाळीस वर्षं दशावतारात तोंडाला रंग लावलेल्याला सल्ला विचारलास, तर ऐक.

कोबायाशी नावाच्या सडसडीत जपानी पोराने २००१ साली अमेरिकेत कोनी आयलंडला १२ मिनिटांत ५० हॉटडॉग खाल्ले. आधीचा विक्रम पंचविसाच्या आसपास. सॉसेज मधोमध मोडायचं, पाव पाण्यात बुडवून गिळायचा, ही त्याची युक्ती. पुढे, २००३ मध्ये, टीव्हीवाल्यांनी त्याला चक्क अस्वलाबरोबर पैजेला बसवलं. अस्वल जिंकलं! नुसत्या आकड्यासाठी बोलावलेल्या माणसाची ही गत होते बघ. २०२४ मध्ये तो सांगत होता, आता भूकच लागत नाही.

आमच्या बकासुरवधात भीम गाडाभर अन्न फस्त करतो. हंडीत असतं काय? वारा. मी भीम करायचो तेव्हा आधी बाही सारायचो, पखवाजवाल्याकडे बघायचो. त्याची थाप पडली की कोपरापर्यंत हात आत. मधेच दाताखाली खडा आल्यासारखा थबकायचो. पुढे बसलेल्या म्हाताऱ्या हमखास विचारायच्या, “काय झाला रे?” रिकाम्या हंडीवर दहा-दहा मिनिटं काढलीत मी, बाळा.

तुझा व्हिडिओ दोनदा पाहिला. मोदक मोजले नाहीत. एका मोदकाचं तूप मनगटावर ओघळलं, ते तू चाटलंस आणि चोरून आईकडे पाहिलंस. तेवढंच मागे नेऊन पुन्हा पाहिलं. स्पर्धेत ते दोन सेकंद वाया गेले म्हणतोस ना? पडद्यावर तेच कामाला येतील.

बाकी दोन गोष्टी. घरी एकट्याने सराव करायचा नाही. उकड घशात बसली तर पाठीत थाप मारायला माणूस हवा. जपानात अशाच स्पर्धांची नक्कल करताना २००२ मध्ये शाळेतलं एक पोर पावाने गुदमरून गेलं. पोट ताणायला तांब्यामागून तांब्या पाणी पिणंही बंद. रक्तातलं सोडियम उतरून माणूस आडवा होतो. दुसरं, करारात किती खायचं याचा आकडा असेल तर खोडायला लाव. ऐकत नसतील तर तसाच घरी ये. इथे मासे आहेत.

रविवारी कुडाळला ये, पण जेवून ये. माझी ती पितळी हंडी अजून माळ्यावर आहे. घासून ठेवतो. तिच्यातून मला दहा मिनिटं खाऊन दाखव.

तुझा,
काका